वसईचा पाडाव आणि कुपरेजचे मैदान : स्वतःच करावयाची एक फेरी

१/ युरोपातील मोठे फुटबॉल क्लब आपली मैदाने पाहुण्यांना तिकीट लावून दाखवितात. बार्सिलोनाच्या क्लबाचे संग्रहालय १९८४ मध्ये उघडले. मँचेस्टर युनायटेडच्या संग्रहालयाचे उद्घाटन १९९८ मध्ये पेले यांच्या हस्ते झाले. पाहुण्याने कानाला यंत्र लावावे आणि आपल्या गतीने हिंडावे, अशी सोय काही ठिकाणी असते.

२/ मुंबईतील कुपरेज मैदानाचा इतिहास या दोहोंपेक्षा कमी रंजक नाही. मात्र तेथे अशी सोय नाही. म्हणून हा धागा जवळ ठेवावा आणि फेरी आपली आपणच करावी. आरंभ मुंबईतून करायचा नाही. तो गिरीजमधून, म्हणजे वसईतून करायचा आहे. त्याचे कारण पुढे येईल.

३/ थांबा पहिला : गिरीज. वाड्या, विहिरी आणि चर्चच्या घंटा यांचे हे गाव आज वसई-विरार महानगरपालिकेत आणि २०१४ पासून पालघर जिल्ह्यात मोडते. येथून वसईचा किल्ला फार दूर नाही. १५३४ पासून दोनशे वर्षे तो पोर्तुगीजांच्या ताब्यात होता. मे १७३९ मध्ये चिमाजी अप्पांच्या फौजेने तो जिंकला. ही कथा आपण सर्व जाणतो.

४/ कमी सांगितली जाते ती या विजयानंतरची मुंबईतील धास्ती. साष्टी आणि वसई मराठ्यांकडे गेल्यावर इंग्रजांच्या बेटासमोर केवळ एका खाडीचे अंतर उरले. कंपनीने कॅप्टन इंचबर्ड यास बोलणी करण्यास धाडले आणि जुलै १७३९ मध्ये तह केला. मात्र केवळ कागदावर विसंबून राहणे तिला परवडणारे नव्हते.

५/ म्हणून मुंबईच्या तटाबाहेर खंदक खणण्याचे ठरले. त्यासाठी शहरातील व्यापाऱ्यांनी तीस हजार रुपयांची वर्गणी दिली. सरकारी बांधकामासाठी व्यापारी आपण होऊन पैसे देतात, यावरूनच भय किती खरे होते ते कळते. वसईच्या तटाला पडलेल्या खिंडारांचा आवाज मुंबईच्या पेढ्यांपर्यंत पोहोचला होता.

६/ खंदकाने काम संपत नाही. तटावरील तोफांना मारा करण्यास समोर मोकळी जागा लागते. घर, झाड, टेकाड, ज्याच्या आड शत्रू दडेल असे काहीही तेथे असता कामा नये. पुढील दशकांत तटाबाहेरची घरे आणि नारळीची झाडे टप्प्याटप्प्याने हटविण्यात आली. १८०३ च्या मोठ्या आगीनंतर हा पट्टा आणखी रुंदावला. यालाच एस्प्लनेड म्हणत.

७/ थांबा दुसरा : वसई रोड ते चर्चगेट. ही गाडी पूर्वी चर्चगेटला संपत नसे. बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया रेल्वेचे रूळ पुढे कुलाब्यापर्यंत जात आणि आजच्या महर्षी कर्वे मार्गाच्या कडेने, कुपरेजच्या बाजूनेच जात. १९३० च्या अखेरीस तो तुकडा बंद झाला. त्या काळी वसईचा प्रवासी डब्याच्या खिडकीतून हे मैदान पाहू शकत असे.

८/ थांबा तिसरा : ओव्हल. चर्चगेटहून दक्षिणेकडे चालू लागावे. पूर्वेस उच्च न्यायालय, विद्यापीठ आणि राजाबाई मनोरा. पश्चिमेस आर्ट डेको शैलीच्या इमारतींची रांग. २०१८ मध्ये युनेस्कोने या परिसराला जागतिक वारशाचा दर्जा दिला. पश्चिमेकडील इमारती ज्या भूमीवर उभ्या आहेत ती समुद्र हटवून मिळविलेली आहे. त्याआधी लाटा बऱ्याच अलीकडे येत.

९/ १८६० च्या दशकात गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या कारकिर्दीत किल्ल्याचे तट पाडले गेले. तट गेले, तोफा गेल्या. मागे राहिली ती तोफांसाठी राखलेली मोकळी जागा. काही भागावर इमारती उठल्या, उरलेल्याची मैदाने झाली. आझाद मैदान, क्रॉस मैदान, ओव्हल आणि कुपरेज ही त्या एस्प्लनेडचीच लेकरे.

१०/ आता गिरीजहून आरंभ करण्याचे कारण स्पष्ट व्हावे. वसई पडली म्हणून मुंबई घाबरली. घाबरली म्हणून खंदक खणला गेला. खंदकापुढे रान मोकळे ठेवावे लागले. आणि ते मोकळे राहिले म्हणून पुढे तेथे चेंडू धावला. या साखळीत इतर दुवेही आहेत, फ्रेंचांचे भय त्यांपैकीच एक. पण पहिली कडी वसईची आहे.

११/ मोकळी जागा कोणाची, हा प्रश्न मात्र लगेच उभा राहिला. एस्प्लनेडवर गोरे लोक पोलो खेळत आणि घोड्यांच्या टापांनी हिंदी मुलांच्या क्रिकेटची खेळपट्टी उखडली जाई. १८८१ मध्ये हिंदी क्रिकेटपटूंनी याविरुद्ध सरकारकडे अर्ज केला. मैदानावरील हक्काचा झगडा मुंबईत फुटबॉलच्या पहिल्या मोठ्या चषकाहून जुना आहे.

१२/ थांबा चौथा : कुपरेजचा बँडस्टँड. १८६७ चा हा अष्टकोनी मंडप बागेत उभा आहे. लष्करी वाद्यवृंद येथे वाजवीत आणि साहेबलोक हवा खात. येथे क्षणभर बसून नावाचा विचार करावा. ‘कूपर’ म्हणजे लाकडी पिंपे बांधणारा कारागीर. आरमाराच्या गलबतांना खारवलेले मांस पिंपांत भरून दिले जाई. ती पिंपे जेथे तयार होत, ते कुपरेज.

१३/ या नावात एक धडा आहे. मैदानाला कोणा गव्हर्नराचे वा राणीचे नाव मिळाले नाही. फळ्या वाकवून त्यांवर लोखंडी कडी ठोकणाऱ्या अनाम कारागिरांचे मिळाले. त्यांच्यापैकी एकाचेही नाव आज लोकांच्या ओठी नाही. स्थळाचे नाव टिकते आणि माणसांची पुसली जातात, हे या फेरीत पुन्हा भेटणार आहे.

१४/ थांबा पाचवा : मैदानाचे प्रवेशद्वार. स्थानिक सामना असेल त्या दिवशी यावे. एरवी दारावरील रक्षकाची परवानगी घ्यावी. आत येथील यजमान वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन, म्हणजेच ‘विफा’. १९०२ ची बॉम्बे फुटबॉल असोसिएशन आणि रोव्हर्स चषकाची समिती यांच्या एकीकरणातून ती १९११ मध्ये उभी राहिली.

१५/ रोव्हर्स चषक १८९१ चा. भारतात त्याहून जुन्या मोठ्या स्पर्धा मोजक्याच, त्यांत ड्युरँड ही १८८८ ची. रोव्हर्सचा पहिला विजेता संघ वूस्टरशायर रेजिमेंटचा होता आणि पुढील चार दशकांहून अधिक काळ चषक गोऱ्या पलटणींच्याच हाती फिरत राहिला. प्रेक्षक हिंदी, खेळाडू शिपाई, असे ते दृश्य होते.

१६/ १९११ मध्ये कलकत्त्यास मोहन बागानने ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटला २-१ असे हरवून आयएफए शील्ड जिंकले. त्या अकरांपैकी दहा जण अनवाणी होते. हाच संघ १९२३ मध्ये रोव्हर्सच्या अंतिम सामन्यात पोहोचला आणि डरहॅम लाइट इन्फंट्रीकडून ४-१ असा हरला. मुंबईचे हे दार हिंदी संघाला उघडायला आणखी चौदा वर्षे लागली.

१७/ ते उघडले १९३७ मध्ये, बंगळूर मुस्लिम्स या संघाने. १९४० मध्ये कलकत्त्याच्या मोहमेडन स्पोर्टिंगने चषक नेला. पुढे १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे हैदराबाद सिटी पोलीस संघ विजयी झाला. त्याचे प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम. याच रहीम यांच्या हाताखाली भारताने १९५१ आणि १९६२ मध्ये आशियाई सुवर्णपदक मिळविले.

१८/ थांबा सहावा : गोलखांबाच्या मागे. येथे उभे राहून नेव्हिल डिसूझा यांचे स्मरण करावे. गोमंतकीय कुळातील हा आघाडीपटू मुंबईत टाटांच्या संघाकडून खेळे. १ डिसेंबर १९५६ रोजी मेलबर्न ऑलिंपिकमध्ये भारताने ऑस्ट्रेलियाला ४-२ असे हरविले; त्यांतील तीन गोल डिसूझा यांचे. ऑलिंपिकमध्ये असे त्रिक साधणारा तो पहिला आशियाई खेळाडू.

१९/ भारत त्या स्पर्धेत चौथा आला. डिसूझा यांचे चार गोल झाले आणि सर्वाधिक गोल करणाऱ्यांच्या पंक्तीत ते बसले. तरीही क्रिकेटवेड्या मुंबईत किती जणांना हे नाव ठाऊक आहे? दुसऱ्या एखाद्या देशात त्यांचे बूट काचेच्या पेटीत असते आणि शाळेच्या सहली ते पाहायला रांगेत उभ्या राहिल्या असत्या.

२०/ थांबा सातवा : प्रेक्षकांच्या पायऱ्या. येथे कधी काळी कारखाने आणि कचेऱ्या एकमेकींशी झुंजत. टाटा, कॅलटेक्स, मफतलाल, ऑर्के मिल्स, एअर इंडिया, महिंद्र. चांगल्या खेळाडूला नोकरी मिळे. सकाळी सराव आणि मग कामाचा ठिय्या. धोबी तलावाच्या गोमंतकीय कूडांत राहणाऱ्या तरुणाला खेळ हा पोटाचा आधार होऊ शकत असे.

२१/ ही व्यवस्था हळूहळू ओसरली. गिरण्या बंद पडल्या, कचेऱ्यांनी खेळाडूंची भरती आवरली. रोव्हर्स चषक २०००-०१ च्या सुमारास थांबला. महिंद्र युनायटेडने २००५-०६ मध्ये राष्ट्रीय लीग जिंकली आणि अवघ्या चार वर्षांनी, २०१० मध्ये, तो संघच बंद करण्यात आला. विजेतेपद हे जगण्याची हमी नसते.

२२/ थांबा आठवा : हिरवळ. वाकून हात लावावा. ही गवताची नाही, कृत्रिम धाग्यांची आहे. मुंबईचा पाऊस चार महिने मैदानाचा चिखल करतो. कृत्रिम हिरवळीखालचा थर पाणी लवकर काढून देतो, म्हणून खेळाचे दिवस वाढतात. उन्हात मात्र ती नैसर्गिक गवतापेक्षा कितीतरी तापते आणि पडलेल्याची कातडी सोलते. सोयीला किंमत असते.

२३/ मोठे सामने आता अन्यत्र होतात. २०१७ मध्ये सतरा वर्षांखालील विश्वचषकाचा स्पेन-माली उपांत्य सामना नवी मुंबईत डी. वाय. पाटील मैदानावर झाला. २०२२ मध्ये मुलींच्या त्याच गटाचा अंतिम सामनाही तेथेच. भव्य बांधकामासाठी ते योग्यच. कुपरेज त्या तुलनेत लहान, शेजारच्या इमारतींच्या गॅलऱ्यांतून दिसणारे.

२४/ या लहानपणातच त्याचे महत्त्व आहे. दक्षिण मुंबईत मोकळा भूखंड म्हणजे सोने. येथे किती बांधावे आणि किती मोकळे ठेवावे, यावर रहिवासी आणि खेळाचे कारभारी यांच्यात मतभेद झाले आहेत. दोन्ही बाजूंकडे सांगण्यासारखे काही आहे. पायऱ्यांवाचून प्रेक्षक नाहीत; पण पायऱ्या वाढत गेल्या तर मैदान उरत नाही.

२५/ या वादात इतिहासाचा पुरावा उपयोगी पडतो. ही जागा कोणी दयेने खेळासाठी दिली नव्हती. ती युद्धाच्या भयाने मोकळी झाली, पलटणींनी वापरली, आणि अनवाणी खेळाडूंनी, गिरणीच्या संघांनी, पायऱ्यांवरच्या गर्दीने ती आपली केली. ज्या जागेची स्मृती कोणाजवळ नसते, ती जागा प्रथम जाते.

२६/ थांबा नववा आणि अखेरचा : आपले घर. वसईच्या गावांत आजही रविवारी फुटबॉल रंगतो. जुन्या पेट्यांत संघांची छायाचित्रे असतील. मागच्या रांगेत उभे, पुढच्या रांगेत गुडघ्यावर बसलेले तरुण. त्यांतील काही जण कुपरेजवर खेळून आले असतील. ओळखणारी माणसे आहेत तोवर छायाचित्रामागे पेन्सिलीने नावे, गाव आणि साल लिहून ठेवावे.

२७/ पिंपे बांधणाऱ्यांची नावे आज लोकांच्या ओठी नाहीत.  खेळाडूंची नावे अजून हाताशी आहेत. आपल्या गावच्या जुन्या संघाविषयी जे खात्रीने ठाऊक असेल, ते सालासह खाली अवश्य नोंदवावे.