सेसिल हेपवर्थ

सेसिल मिल्टन हेपवर्थ (१९ मार्च १८७४ – ९ फेब्रुवारी १९५३) हे ब्रिटिश मूकपटांच्या काळातील दिग्दर्शक, निर्माते आणि तंत्रज्ञ होते. इंग्लंडमध्ये चित्रपटनिर्मितीला स्थिर उद्योगाचे रूप देणाऱ्या पहिल्या पिढीत त्यांची गणना होते.

प्रारंभीचे जीवन

हेपवर्थ यांचा जन्म लंडनमधील लॅम्बेथ येथे झाला. वडील टी. सी. हेपवर्थ जादूच्या कंदिलाच्या साहाय्याने सचित्र व्याख्याने देत. त्यांच्या सहवासात सेसिल यांना प्रकाशयंत्रे आणि छायाचित्रण यांची गोडी लागली. १८९७ मध्ये त्यांनी चलत्‌चित्रणाविषयी एक पुस्तिका लिहिली. या विषयावरील अगदी आरंभीच्या पुस्तकांपैकी ते एक होय. काही काळ चार्ल्स अर्बन यांच्याकडे काम केल्यानंतर १८९९ च्या सुमारास त्यांनी मॉन्टी विक्स या चुलतभावासह सरे परगण्यातील वॉल्टन-ऑन-थेम्स येथे स्वतःचा व्यवसाय सुरू केला.

वॉल्टन येथील कार्य

आरंभीचे लघुपट एखाद्या युक्तीवर बेतलेले असत. ‘हाउ इट फील्स टू बी रन ओव्हर’ (१९००) मध्ये मोटारगाडी थेट कॅमेऱ्यावर चालून येते, पडदा काळा होतो आणि त्यावर हाताने लिहिलेली अक्षरे झळकतात. १९०३ मध्ये पर्सी स्टो यांच्यासह त्यांनी केलेला ‘ॲलिस इन वंडरलँड’ हे लुईस कॅरोल यांच्या कथेचे पहिले चित्रपटरूप होय. सुमारे १२ मिनिटांचा हा पट त्या वेळी इंग्लंडमध्ये फारच लांब मानला गेला. ॲलिसची भूमिका संस्थेतच काम करणाऱ्या मे क्लार्क यांनी केली. हेपवर्थ स्वतः बेडूक-सेवकाच्या सोंगात दिसतात.

‘रेस्क्यूड बाय रोव्हर’ (१९०५) हा त्यांच्या संस्थेचा सर्वांत गाजलेला पट. पळवून नेलेल्या बाळाचा माग काढून कुत्रा घरमालकाला तेथे घेऊन जातो, एवढीच कथा. ती हेपवर्थ यांच्या पत्नी मार्गारेट यांनी लिहिली. आईबाप, बाळ आणि ‘ब्लेअर’ हा कुत्रा ही सारी हेपवर्थ यांच्याच घरची मंडळी होती. खर्च आला ७ पौंड १३ शिलिंग ९ पेन्स. विकल्या गेलेल्या प्रतींची संख्या ३९५ सांगितली जाते. मागणी इतकी होती, की मूळ निगेटिव्ह झिजून गेल्याने संपूर्ण पट पुन्हा चित्रित करावा लागला, आणि तोही एकदा नव्हे, दोनदा. कुत्रा रस्त्याने धावतो, नदी पोहून जातो आणि त्याच वाटेने परततो; ही दृश्ये एकामागून एक जोडताना स्थळाची दिशा कोठेही चुकत नाही. त्यामुळे चित्रपट-संकलनाच्या इतिहासात या पटाचा उल्लेख अटळ ठरतो. मात्र दिग्दर्शक लुईन फिट्झहॅमन होते. सारे श्रेय हेपवर्थ यांना देण्याची प्रथा योग्य नाही.

पुढे हेपवर्थ प्रामुख्याने निर्माते म्हणून वावरले. ऑल्मा टेलर आणि क्रिसी व्हाइट या अभिनेत्री त्यांच्याच संस्थेतून पुढे आल्या. ग्रामोफोनच्या तबकडीशी चित्राची सांगड घालणारी ‘व्हिव्हाफोन’ ही पद्धतही त्यांनी विकसित केली.

उतरती कळा

पहिल्या महायुद्धानंतर अमेरिकी चित्रपटांनी ब्रिटिश चित्रगृहे व्यापली. त्यांची गती वेगवान होती. हेपवर्थ यांना मात्र दृश्यातून दृश्यात एकदम उडी घेणे रुचत नसे. प्रत्येक दृश्य हळूहळू अंधारात विरावे आणि दुसरे उजळावे, असा त्यांचा आग्रह असे. ग्रामीण इंग्लंडचे रमणीय चित्रण करणाऱ्या ‘कमिन थ्रू द राय’ (१९२३) या पटात त्यांची ही शैली पूर्णत्वाने दिसते. पण तोवर प्रेक्षकांची अभिरुची पालटली होती. विस्तारासाठी भागविक्रीतून उभारू पाहिलेले भांडवल पुरेसे जमले नाही आणि १९२४ मध्ये संस्था दिवाळखोरीत गेली.

कर्जवसुलीत वॉल्टनचा स्टुडिओ तर गेलाच, पण त्याहून मोठी हानी निगेटिव्हांची झाली. पाव शतकाचा हा संग्रह विकला गेला आणि विमानांच्या पंखांवर द्यावयाच्या रोगणासाठी वितळविण्यात आला. त्यामुळे हेपवर्थ यांच्या कार्याचा अभ्यास आज मुख्यतः इतरत्र विखुरलेल्या प्रतींवरच करावा लागतो. ‘ॲलिस’चीही अपूर्ण, जीर्ण प्रतच उरली आहे, तिचे २०१० मध्ये पुनरुज्जीवन झाले.

उत्तरायुष्य

दिवाळखोरीनंतर हेपवर्थ यांनी कथापट क्वचितच केले. जाहिरातपट व आगामी चित्रपटांच्या झलका तयार करणे हा त्यांचा उदरनिर्वाह होता. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या इतिहास-संशोधन समितीचे ते अध्यक्ष होते. ‘केम द डॉन’ हे त्यांचे आत्मचरित्र १९५१ मध्ये प्रसिद्ध झाले.