तंजावर एका दिवसात : एका देवळाच्या दोन भिंती

मागच्या व्याख्यानात आपण विजापुरात होतो. जाता जाता आम्ही म्हणालो होतो की विजापुरातून निघालेली एक वाट थेट कावेरीकाठी जाते. मधल्या काळात आम्ही त्या वाटेच्या टोकाला जाऊन आलो. आम्ही नऊजण, बहुतेक सगळे निवृत्त शिक्षक. तिरुचिरापल्लीहून तंजावरची एका दिवसाची सहल घेतली. सकाळी सातला निघायचं, बरोबर गाईड; देऊळ, राजवाडा, ग्रंथालय, चर्च, पुन्हा देऊळ, आणि रात्री आठला मुक्कामी. हाताशी तेरा तास, आणि समोर चोळांची, मग नायकांची, मग मराठ्यांची राजधानी. एवढ्या वेळात काय दिसतं आणि काय दिसत नाही, याबद्दल आज बोलायचं आहे.

आधी एक कबुली देऊन टाकतो. वर्गात आणि व्यासपीठावर आम्ही वर्षानुवर्षं एक वाक्य म्हणत आलो, ‘अटकेपासून तंजावरपर्यंत मराठ्यांचं राज्य होतं.’ वाक्य टाळ्या घेतं. ते कितपत खरं आहे, हे तपासायची गरज आम्हांला वाटली नव्हती. ती या सहलीत वाटली.

गाडीत बसताक्षणी गाईडने विचारलं, ‘कहाँ से?’ आम्ही म्हटलं, पुण्याहून. त्याचा चेहरा खुलला. ‘शिवाजी महाराज का भाई का राजधानी!’ तिथपासून आमचं तंजावर मराठी झालं. सांबार कसं जन्मलं, तेही कळलं: संभाजीराजे पाहुणे आले, मुदपाकखान्यात आमसूल नव्हतं, म्हणून आमटीत चिंच पडली आणि पाहुण्याच्या नावावरून ‘सांबार’ झालं. कथा रुचकर आहे, पण तिला त्या काळच्या कागदाचा आधार नाही. तंजावरच्या दरबारात पाकशास्त्रावर खरोखरच ग्रंथ झाला, ‘शरभेंद्र पाकशास्त्र’ या नावाचा. त्याचं नाव मात्र गाईडने घेतलं नाही, आणि आम्हीही विचारलं नाही.

बृहदीश्वराच्या देवळात, म्हणजे तिथल्या लोकांच्या पेरियकोविलात, आम्ही साडेनऊला मागच्या अंगणात उभे होतो. पाय अनवाणी, दगड तापायला लागलेले. गाईड सांगत होता, ‘या शिखराची सावली जमिनीवर पडत नाही.’ आमच्यातल्या एक बाई हळूच म्हणाल्या, ‘अहो, मग आपण उभे कशात आहोत?’ आम्ही सगळे त्या सावलीतच उभे होतो! न्यायशास्त्र शिकवण्यात आमचा जन्म गेला. प्रत्यक्ष, अनुमान, शब्द ही प्रमाणं मुलांना पाठ करून घेतली. इथे शब्दप्रमाण एक सांगत होतं, प्रत्यक्ष दुसरं, आणि नऊ शिक्षकांपैकी आठजण माना डोलवत होते.

शेजारी तमिळ मंडळींचा एक गट होता. त्यांचा गाईड राजराज चोळावर रंगून बोलत होता. मराठ्यांच्या वाट्याला त्याच्याकडे दोनच वाक्यं आली. आमचा गाईड आम्हांला आमचं देत होता, तो त्यांना त्यांचं. यात गाईडचा दोष नाही. ‘कुठून आलात?’ या प्रश्नाला आपण जे उत्तर देतो, त्याच्या मापाचा इतिहास आपल्याला मिळतो.

आता आपण जरा कालक्रम लावून घेऊ. राजराज चोळाने हे देऊळ १०१० मध्ये पूर्ण केलं. त्याचा मुलगा राजेंद्र याने राजधानी गंगैकोंडचोळपुरमला नेली. पुढे सोळाव्या शतकात तंजावर नायकांची राजधानी झाली. देवळासमोरचा मोठा नंदी आणि त्याचा मंडप हे त्यांच्या काळातलं काम. गाभाऱ्याभोवतीच्या बोळात नायककालीन चित्रांच्या थराखाली चोळकालीन चित्रं लपलेली होती, ती १९३१ मध्ये उजेडात आली. एकाच भिंतीवर दोन राजवटी एकमेकींवर रंगवलेल्या आहेत.

१६७३ मध्ये मदुरेच्या नायकाने तंजावर घेतलं आणि तिथला नायक विजयराघव लढाईत पडला. विजापूरच्या आदिलशहाने त्या घराण्याच्या वारसाला गादीवर बसवण्यासाठी आपला सरदार पाठवला. तो सरदार म्हणजे व्यंकोजी ऊर्फ एकोजी भोसले, शिवाजी महाराजांचे सावत्र भाऊ. वारस बाजूला राहिला आणि १६७५-७६च्या सुमारास व्यंकोजीराजे स्वतःच गादीवर बसले. १६७७ मध्ये दक्षिणेच्या स्वारीत दोघे भाऊ कोल्लिडम नदीच्या परिसरात भेटले, वडिलांच्या दौलतीच्या वाटणीवर बोलणं झालं, आणि व्यंकोजीराजे रातोरात निघून गेले. म्हणजे तंजावरचं राज्य हे सातारा-पुण्याच्या राज्याचं दक्षिण टोक नव्हतं. ते वेगळं राज्य होतं. वाट विजापुरातून आली, रायगडावरून नाही. आमचं टाळ्यांचं वाक्य इथेच लंगडं झालं.

पण आम्हांला आज जे सांगायचं आहे, ते पुढेच आहे. या देवळात दोन लिखाणं आहेत. दोन्ही दगडात, दोन्ही राजांची. ती शेजारी शेजारी ठेवून पाहू.

पहिलं राजराजाचं. देवळाच्या जोत्यावर आणि भिंतींवर तमिळमध्ये ओळीच्या ओळी कोरल्या आहेत. सुरुवातीला राजाच्या विजयांची स्तुती येते, रीतच होती ती. पण ती आटोपली की लेख हिशेबाला लागतो. देवळाच्या सेवेत आणलेल्या चारशे नर्तकींची यादी आहे. कोणती कुठल्या गावच्या देवळातून आली, कोणत्या रांगेतल्या कितव्या घरात राहते, तिच्या वाट्याला वर्षाला शंभर कलम भात. मग नृत्यगुरू, वादक, शिंपी, सुतार, न्हावी, परीट, हिशेबनीस. राजा सत्तेच्या शिखरावर होता आणि भिंतीवर परटाचा वाटा कोरून घेत होता.

दुसरं लिखाण मराठी. प्राकाराच्या नैऋत्येच्या भिंतीवर, देवनागरीत. तंजावरच्या दुसऱ्या सरफोजीराजांनी ते कोरून घेतलं. मजकूर सिद्ध केला बाबूराव चिटणीस यांनी आणि काम पुरं झालं डिसेंबर १८०३ मध्ये. यात भोसले घराण्याचा इतिहास आहे, पूर्वजांपासून थेट सरफोजीराजांपर्यंत. मराठीतला इतका मोठा शिलालेख क्वचितच कुठे असेल. गाईड म्हणाला, ‘मराठा पॉवर!’ आम्ही सगळ्यांनी फोटो काढले.

मग त्याच बाईंनी विचारलं, ‘कोणी वाचून दाखवतं का?’ भाषा आपली, लिपी आपली. पण झिजलेली अक्षरं, न तुटणाऱ्या ओळी, दोनशे वर्षांपूर्वीची वाक्यरचना. चार ओळींत आमची दमछाक झाली. तेवढ्यात गाईडने घड्याळ दाखवलं, राजवाड्याला उशीर होत होता. एकूण मुक्काम सात मिनिटं.

ती तारीख मात्र आमच्या डोक्यातून गेली नाही. डिसेंबर १८०३ मध्ये काय चाललं होतं? १७७३ मध्ये अर्काटच्या नवाबाने कंपनीच्या फौजेसह तंजावर जिंकलं होतं, आणि १७७६ मध्ये कंपनीनेच तुळजाजीराजांना गादी परत दिली होती. तुळजाजीराजांनी १७८७ मध्ये सरफोजींना दत्तक घेतलं. ते दत्तक वैध की अवैध यावर वाद माजला आणि गादी अमरसिंहांकडे गेली. अकरा वर्षांनी, १७९८ मध्ये, कंपनीने सरफोजींना गादीवर बसवलं, आणि पुढच्याच वर्षी त्यांच्याकडून तह करून घेतला. राज्यकारभार कंपनीकडे, राजाकडे किल्ला आणि आसपासचा मुलूख, वर्षाला एक लाख पगोडे आणि निव्वळ महसुलाचा पाचवा हिस्सा. म्हणजे शिलालेख पुरा झाला तेव्हा राजाला राज्य उरलं नव्हतं. इकडे महाराष्ट्रात त्याच सप्टेंबरात असईची लढाई झाली, नोव्हेंबरात अडगावची, आणि डिसेंबरात नागपूरकर भोसले आणि शिंदे या दोघांनाही कंपनीशी तह करावे लागले. दख्खनेत मराठ्यांची सत्ता मोडत होती, त्याच दिवसांत कावेरीकाठी एक छिन्नी मराठ्यांचा इतिहास दगडात घालत होती.

सत्ता होती तेव्हा राजाने हिशेब कोरला. सत्ता गेली तेव्हा राजाने वंशावळ कोरली. राजराजाला आपण कोण, हे सांगायला दहा ओळी पुरल्या. ज्याचं दत्तकच अकरा वर्षं वादात होतं, त्या सरफोजीराजांना अख्खी भिंत लागली. जिला आम्ही ‘मराठा पॉवर’ म्हणून फोटोत घेतलं, ती भिंत सत्तेची नव्हे, सत्ता गेल्याची साक्ष आहे.

हे म्हणताना सरफोजीराजांना कमी लेखायचं नाही. उलट त्यांचं मोठेपण इथेच कळतं. राजवाड्याच्या आवारातलं सरस्वती महाल ग्रंथालय नायकांच्या काळापासूनचं, पण आज आपण पाहतो तो संग्रह मुख्यतः सरफोजीराजांनी वाढवला. १८२०च्या सुमारास ते काशीयात्रेला गेले आणि पोथ्या जमवून परतले. युरोपीय भाषांतली चार हजारांहून अधिक पुस्तकं त्यांनी गोळा केली. छापखाना काढला, १८०६ मध्ये तिथून इसापाच्या गोष्टी मराठीत छापल्या गेल्या. पुण्यामुंबईत मराठी पुस्तकांच्या छपाईचा पत्ता नव्हता तेव्हाची ही गोष्ट. डोळ्यांच्या रोग्यांची सचित्र टिपणं करवून घेतली, ती अजून ग्रंथालयात आहेत. मुलूख गेलेल्या राजाने कागदावर राज्य केलं. आणि ते टिकलं.

दुपारी देऊळ बंद असतं. उन्हात आम्ही शिवगंगा कोटातल्या चर्चमध्ये गेलो. तिथे फ्लॅक्समनने घडवलेलं संगमरवरी शिल्प आहे: मरणशय्येवरच्या मिशनऱ्याचा हात सरफोजीराजांनी हातात घेतला आहे. तो मिशनरी म्हणजे राजांचे गुरू आणि पालक श्वार्ट्झ. शिल्प राजांनीच करवून घेतलं. देवळात शिलालेख, चर्चमध्ये शिल्प, दोन्ही एकाच माणसाची. ‘आपला राजा’ म्हणताना त्याला आपल्या मापात बसवायला गेलो, तर तो बसत नाही.

शेवटही सांगायला हवा, कारण सहलीत तो सांगितला गेला नाही. सरफोजीराजांचे पुत्र शिवाजीराजे १८५५ मध्ये वारले. मुलगा नव्हता. कंपनीने राजपद बरखास्त केलं आणि खाजगी मालमत्तेवरही जप्ती आणली. थोरल्या राणी कामाक्षीबाईसाहेब कोर्टात गेल्या. मद्रासच्या सर्वोच्च न्यायालयात जिंकल्या. पण १८५९ मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने निकाल फिरवला. हे राजसत्तेचं कृत्य आहे, ते न्याय्य की अन्याय्य हे कोर्टाने पाहायचं नाही, असा त्याचा आशय. पुढे सरकारने मालमत्ता परत केली, हा भाग वेगळा. पण तो निकाल कायद्याचे विद्यार्थी अजून शिकतात. ज्या घराण्याने आपला इतिहास दगडात घातला, त्याचं नाव कायद्याच्या पुस्तकात राहिलं ते एका हरलेल्या दाव्यामुळे.

संध्याकाळी पुन्हा देवळात गेलो. आता सावली पूर्वेकडे, नंदीच्या दिशेने लांब पडली होती. गाईडला आम्ही ती दाखवली. तो हसला आणि म्हणाला, ‘सर, सगळ्यांना माहीत आहे. पण पडते म्हटलं तर ऐकणार कोण?’ त्याच्या या वाक्यावर आम्हांला अजून उत्तर सापडलेलं नाही. आम्हीही आयुष्यभर ‘अटकेपासून तंजावरपर्यंत’ म्हणालो, ते ऐकणारे मिळतात म्हणूनच.

तुमच्यापैकी कोणी तंजावरला गेलात तर एवढंच करा. गाईड जरूर घ्या, त्याचं ऐका. पण त्या मराठी भिंतीपाशी सात मिनिटं नको, एक तास द्या. आणि जाण्याआधी शिलालेखाचा छापील मजकूर मिळवून वाचा. ग्रंथालयात मराठी हस्तलिखितंच तीन हजारांच्या घरात आहेत, शिवाय मोडी कागदांचे रुमाल. आपल्यातल्या कोणी तरुणाने मोडी शिकून त्यातला एक रुमाल सोडला, तर आमच्यासारख्यांच्या दहा व्याख्यानांपेक्षा ते काम मोठं होईल.

इथे थांबतो. तुमचे प्रश्न घेऊ.