खडी गंमतीतील स्त्रीपात्र

खडी गंमतीतील स्त्रीपात्र म्हणजे पूर्व विदर्भातील खडी गंमत या लोकनाट्यात पुरुष नटाने साकारलेली मोहक स्त्रीभूमिका होय. ही भूमिका करणाऱ्या नटास नाच्या म्हणतात. भंडारा जिल्हा आणि १ मे १९९९ रोजी त्यातून वेगळा झालेला गोंदिया जिल्हा हे या लोकनाट्याचे महत्त्वाचे क्षेत्र आहे.

सादरीकरण

कलावंत उभ्याने गातात, वाजवतात व अभिनय करतात, म्हणून या प्रकारास ‘खडी’ गंमत म्हणतात. दिवाळीनंतर गावोगावी भरणाऱ्या मंडईच्या निमित्ताने रात्री हे खेळ होतात. शाहिराच्या गायनास ढोलकी व तुणतुण्याची साथ असते.

भूमिकेचे स्वरूप

लुगडे, चोळी, बांगड्या, काजळ आणि घुंगरू हा नाच्याचा साज असतो. मात्र भूमिकेची मोहकता वेशापेक्षा पदन्यास, पदराची हालचाल, नेत्राभिनय आणि आवाजाची फेक यांवर अधिक अवलंबून असते. गौळणीत हे पात्र कृष्णाशी वाद घालणारी गवळण असते, त्यामुळे तेथील शृंगारास भक्तीचा आधार मिळतो. लावणीत तो आधार नसतो व शृंगार थेट प्रेक्षकांना उद्देशून येतो. पात्र पुरुष आहे हे प्रेक्षकांस ठाऊक असते, त्यामुळे आकर्षण आणि विनोद एकाच वेळी निर्माण होतात.

इतर परंपरांशी साम्य

पश्चिम महाराष्ट्रातील तमाशातही पूर्वी नाच्या पोऱ्याच स्त्रीभूमिका करीत असे. शेजारच्या छत्तीसगडमधील नाचा या लोकनाट्यात अशा पात्रास ‘परी’ म्हणतात. जपानमध्ये १६२९ साली स्त्रियांना काबुकी रंगभूमीवर बंदी झाल्यानंतर पुरुषांच्या ‘ओन्नागाता’ भूमिकांची परंपरा विकसित झाली.

सामाजिक बाजू

स्त्रियांनी रंगमंचावर येणे समाजास मान्य नव्हते, त्यामुळे मोहक स्त्रीची प्रतिमा पुरुष कलावंत व बहुतांशी पुरुष प्रेक्षक यांच्या कल्पनेतून घडली. तिचा भार नटावरही पडे. रंगमंचावर दाद मिळवणारा नाच्या गावात ‘बायकी’ म्हणून हेटाळणीचा विषय होई. झाडीपट्टीच्या व्यावसायिक नाटकांत आता स्त्रिया अभिनय करतात. तथापि, कथानकाशी संबंध नसलेली लावणी त्यांच्याकडून करवून घेतली जाते, अशी टीका होते. त्यामुळे स्त्री रंगमंचावर आली तरी तिची प्रतिमा कोण ठरवतो, हा प्रश्न कायम आहे.