मोरिस जोबेर : चित्रपटसंगीताच्या स्वायत्ततेचा प्रश्न

चित्रपटसंगीत ही स्वतंत्र निर्मिती की दृश्याची परिचर्या, या प्रश्नाची चर्चा बहुधा सिद्धान्ताच्या पातळीवरच होते. मोरिस जोबेर (१९००–१९४०) या फ्रेंच संगीतकाराच्या कारकिर्दीत मात्र तो इतिहासाच्या रूपाने उलगडलेला दिसतो.

नीस येथे जन्मलेला जोबेर काही काळ वकिली करून संगीताकडे वळला. झाँ व्हिगो, रने क्लेर आणि मार्सेल कार्ने यांच्या चौथ्या दशकातील महत्त्वाच्या चित्रपटांना त्याचे संगीत आहे. संगीताने दृश्यातील हालचालींची नक्कल करू नये, असा त्याचा आग्रह होता. जॉन फोर्डच्या ‘द इन्फॉर्मर’मध्ये (१९३५) घशाखाली उतरणाऱ्या बिअरचेही अनुकरण वाद्यवृंदाने करावे, याचा त्याने उपहास केला. आपल्या परिभाषेत सांगायचे, तर वाच्यार्थाची पुनरुक्ती त्याला नको होती.

या भूमिकेचा पुरावा व्हिगोच्या ‘झेरो द काँद्युइत’मध्ये (१९३३) मिळतो. वसतिगृहातील मुलांच्या उशांच्या लढाईनंतर मंदगतीने निघणाऱ्या मिरवणुकीसाठी जोबेरने रचना केली, तिचे स्वर शेवटाकडून आरंभाकडे लिहून काढले, ते वाजवून ध्वनिमुद्रित केले आणि ते मुद्रण उलटे फिरवले. स्वरक्रम त्यामुळे मूळचाच राहिला. प्रत्येक स्वराचा उगम आणि लय यांची मात्र अदलाबदल झाली. धून ओळखीची, पण तिचा श्वास अनोळखी. ध्वनिमुद्रणावाचून ही रचना संभवतच नाही. म्हणजे स्वायत्तता याचा अर्थ माध्यमनिरपेक्षता असा जोबेरला अभिप्रेत नव्हता.

चित्रव्यवसायाची धारणा वेगळी होती. व्हिगोचा ‘लातालांत’ १९३४ मध्ये काटछाट करून, एक लोकप्रिय गीत त्यात घुसडून आणि त्याच गीताचे नाव चित्रपटाला देऊन प्रदर्शित करण्यात आला. संगीत हा बदलता येण्याजोगा भाग आहे, हे गृहीतक या व्यवहारामागे होते. जून १९४० मध्ये जोबेर युद्धात मृत्युमुखी पडला. ‘लातालांत’चे पुनःस्थापित रूप १९९० मध्ये पुढे आले.

दरम्यान फ्रान्स्वा त्रुफोने १९७५ ते १९७८ या काळातील आपल्या चार चित्रपटांत जोबेरच्या जुन्याच रचना योजल्या. येथे आक्षेप संभवतो : एका कृतीसाठी रचलेले संगीत दुसरीत चालत असेल, तर व्यवसायाचे गृहीतक खरे ठरत नाही काय? आक्षेप वरवरचा आहे. घुसडलेल्या गीताने ‘लातालांत’चा अंतर्गत बंध तोडला, त्रुफोने रचनांचा धर्म ओळखून त्यांभोवती नवा बंध उभारला. हे शक्य झाले, कारण त्या रचना कोणत्याही दृश्याच्या नकला नव्हत्या. बिअरच्या घोटाची नक्कल करणारे स्वर त्या घोटाबरोबरच संपतात. जोबेरच्या स्वरांना स्वतःची घडण होती. म्हणूनच त्याच्या मृत्यूनंतर पस्तीस वर्षांनीही ते दुसऱ्या कलाकृतीत अर्थपूर्ण ठरू शकले.