नोंदवही कुणाच्या हाती?

वर्ध्याचा पिनकोड ४४२००१, चंद्रपूरचा ४४२४०१ आणि गडचिरोलीचा ४४२६०५. तिन्हींची सुरुवात ४४२ ने होते. २६ ऑगस्ट १९८२ रोजी गडचिरोली चंद्रपूरपासून वेगळा जिल्हा झाला. कलेक्टर वेगळे आले, कचेऱ्या वेगळ्या झाल्या. पुढे गाड्यांचे नंबरही वेगळे झाले; चंद्रपूरला एमएच ३४ मिळाला आणि गडचिरोलीला एमएच ३३. टपालखात्याने मात्र ४४२ जागचा हलवला नाही. त्याच्या नोंदवहीत आम्ही आजही एकाच घरातले आहोत.

मी चंद्रपूरला राहतो. इथे माणसाला रोज कुठला ना कुठला नंबर लागतो. सातबाऱ्याचा गट क्रमांक, रेशनकार्डाचा नंबर, जंगलातल्या प्रत्येक तुकड्याचा कक्ष क्रमांक. हे नंबर कोण देतं, कुठे लिहून ठेवतं आणि ती वही आपल्याला पाहता येते का, हे आपण सहसा विचारत नाही. नंबर मिळाला की काम झालं, असं वाटतं. पण आकड्यात स्वतःची ताकद नसते. त्याची ताकद नोंदवहीत असते. इंटरनेटच्या पोटात अशीच एक नोंदवही आहे. तिचा इतिहास आपल्या पिनकोडइतकाच जुना आहे.

१९७२ : एक संस्कृत कवी, एक दाढीवाला विद्यार्थी

पिनकोड १५ ऑगस्ट १९७२ रोजी सुरू झाला. त्यामागचं डोकं एका मराठी माणसाचं होतं. श्रीराम भिकाजी वेलणकर हे केंद्रीय दळणवळण मंत्रालयात अतिरिक्त सचिव आणि टपाल-तार मंडळाचे ज्येष्ठ सदस्य होते. शिवाय ते संस्कृतचे पंडित आणि कवीही होते. त्यांच्यापुढची अडचण साधी होती. एकाच नावाची गावं देशात ढिगाने, पत्ते दहा लिप्यांत लिहिलेले आणि अक्षर लिहिणाऱ्यालाच लागेल असं. आमच्या जुन्या चांदा जिल्ह्याचंच बघा. उत्तरेला मराठी, पूर्वेला छत्तीसगढी, जंगलात गोंडी आणि माडिया, दक्षिणेला सिरोंच्यात तेलुगू. मुलचेरा-चामोर्शीकडे निर्वासित बंगाली कुटुंबं वसली, तेव्हा बंगालीही आली. इतक्या भाषांत लिहिलेली पत्रं छाटायची कशी? वेलणकरांनी सहा आकडे दिले. पहिला आकडा विभागाचा, दुसरा उपविभागाचा, तिसरा छाटणीच्या जिल्ह्याचा आणि शेवटचे तीन टपाल कार्यालयाचे. पत्ता कुठल्याही लिपीत असो, सहा आकडे वाचता आले की पत्र योग्य थैलीत पडतं.

त्याच वर्षी, अडीच महिने आधी, अमेरिकेतल्या लॉस एंजेलिसमध्ये जॉन पोस्टेल नावाच्या एका विद्यार्थ्याने एक छोटंसं टिपण लिहिलं. तारीख ३० मे १९७२. ‘अर्पानेट’ हे आजच्या इंटरनेटचं पूर्वरूप तेव्हा जेमतेम अडीच वर्षांचं होतं आणि त्यावर काही डझन संगणक होते. प्रत्येक संगणकावर निरनिराळी कामं चालत आणि कोणत्या कामासाठी कुठल्या नंबरावर जायचं, यात एकवाक्यता नव्हती. पोस्टेलने सुचवलं की हे अधिकृत नंबर वाटायला कुणीतरी एक ‘झार’ नेमावा. पुढे कंसात प्रश्नचिन्हासह त्याने स्वतःचंच नाव सुचवलं. त्याच दमात त्याने त्या झारावर एक कामही लादलं. यादी ठेवायची आणि ती प्रसिद्ध करायची. त्याने झारपद गमतीने मागितलं असेल, पण यादी छापण्याची अट गमतीची नव्हती. पुढे इंटरनेट टिकलं, त्यात या अटीचा वाटा मोठा आहे.

इमारत, खिडकी आणि पोचपावती

हे नंबर काय असतात, ते आपल्या टपाल कार्यालयावरून समजून घेऊ. आयपी अ‍ॅड्रेस म्हणजे इमारतीचा पत्ता. त्या पत्त्यावर पोहोचलात तरी काम होत नाही, कारण आत खिडक्या असतात. मनीऑर्डरची वेगळी, बचत खात्याची वेगळी, तिकिटांची वेगळी. या खिडकीचा क्रमांक म्हणजे पोर्ट नंबर. वेबसाइट बघायची तर खिडकी ८०, आणि तीच कुलूपबंद पाकिटातून हवी असेल तर ४४३. ईमेल पोहोचवण्यासाठी २५. नावावरून पत्ता विचारायचा असेल तर ५३. अशा एकूण ६५,५३६ खिडक्या, शून्यापासून ६५,५३५ पर्यंत.

तिसरा एक आकडा टपालाचा प्रकार सांगतो. त्याला प्रोटोकॉल नंबर म्हणतात आणि तो ० ते २५५ मधला असतो. ६ म्हणजे टीसीपी; आपल्या जुन्या रजिस्टर पोस्टासारखा, पोचपावतीसह, आणि पोच मिळाली नाही तर पुन्हा पाठवणारा. १७ म्हणजे यूडीपी. साधं टपाल, पेटीत टाकलं आणि विसरलं. तुमच्या मोबाइलवरून निघणाऱ्या जवळपास प्रत्येक पाकिटावर हे तिन्ही आकडे असतात.

जुने पोर्ट नंबर बघितले तर त्यात एक गंमत दिसते. फाइल पाठवण्याचा २१, दूरच्या संगणकावर काम करण्याचा २३, ईमेलचा २५. सगळे विषम. सुरुवातीच्या पद्धतीत एक जोडणी एकाच दिशेने चालायची. त्यामुळे जाण्यायेण्यासाठी दोन नंबरांची जोडी लागे, एक सम आणि एक विषम. १ जानेवारी १९८३ रोजी अर्पानेटने टीसीपी स्वीकारलं आणि एकाच नंबरावर दोन्ही दिशांचं काम भागू लागलं. सम नंबर मोकळे राहिले, पण दिलेले विषम नंबर कुणी बदलले नाहीत. पोस्टेलच्या १९७२ च्या टिपणात ‘इको’ला, म्हणजे पाठवलेलं जसंच्या तसं परत करणाऱ्या सेवेला, ७ नंबर दिलेला होता. तो आजही ७ च आहे.

मोकळ्या राहिलेल्या सम नंबरांतल्या एकाची गोष्ट सांगण्याजोगी आहे. १९९५ साली फिनलंडच्या तातू यलोनेन यांनी दूरच्या संगणकावर सुरक्षितपणे काम करण्यासाठी ‘एसएसएच’ हा प्रोग्राम लिहिला. त्याला नंबर हवा होता. २१ आणि २३ च्या मधला २२ रिकामा दिसला. त्यांनी जुलै महिन्यात ईमेल करून तो मागितला. दुसऱ्या दिवशी जॉइस रेनॉल्ड्स यांचं उत्तर आलं की २२ तुमचा. आज जगभरातले सर्व्हर ज्या खिडकीतून चालवले जातात, ती एका ईमेलवर मिळाली. चकरा माराव्या लागल्या नाहीत की वशिला शोधावा लागला नाही. आपल्याकडे कुठल्याही दाखल्यासाठी खेटे घातलेल्या माणसाला हे परीकथेसारखं वाटेल.

वही उघडी ठेवण्याची रीत

पोस्टेल सुरुवातीला हे नंबर वहीत नोंदवत असे. पण वही त्याच्या टेबलावर असली, तरी तिची नक्कल सर्वांपुढे यायची. इंटरनेटचे नियम ज्या दस्तऐवजांत लिहिले जातात त्यांना ‘आरएफसी’ म्हणतात. शब्दशः अर्थ, अभिप्राय मागवणारं टिपण. १९६९ पासून हे दस्तऐवज क्रमवार निघत आहेत. प्रसिद्ध झालेला आरएफसी पुन्हा खोडला जात नाही. चूक सापडली किंवा नियम बदलला, तर नव्या क्रमांकाचा नवा दस्तऐवज निघतो आणि जुना कशाने रद्द झाला ते नोंदलं जातं. नंबरांची यादीही अशीच वेळोवेळी नव्याने निघत राहिली. पुढे जॉइस रेनॉल्ड्स हे काम पोस्टेलबरोबर करू लागल्या. शेवटची छापील यादी ऑक्टोबर १९९४ ची. त्यानंतर यादी ऑनलाइन गेली, कुणालाही कधीही बघता येईल अशी. प्रत्येक नोंदीपुढे नंबर, सेवेचं नाव, कुणाला दिला आणि कुठल्या दस्तऐवजाच्या आधारे, एवढं लिहिलेलं असतं.

आपल्याला ही रीत परकी नाही. निकाह झाल्यावर काजीसाहेबांच्या रजिस्टरात नोंद होते. त्या रजिस्टराच्या पानांना क्रमांक असतात, कारण मधलं पान गायब होऊ नये आणि नंतर कुणी नवं घुसवू नये. सही करणारे साक्षीदारही असतात. वही काजींच्या कपाटात असली तरी ती काजींची मालमत्ता नसते. ती त्यांच्याकडे अमानत असते. मराठीत आपण ‘अनामत’ म्हणतो, तो हाच मूळचा अरबी शब्द.

या वहीला पोलीस नाहीत, हेही लक्षात घ्या. ८० नंबराच्या खिडकीवर कुणी भलताच प्रोग्राम बसवला, तर त्याला पकडायला कुणी येत नाही. लोक नंबर पाळतात, कारण न पाळणारा एकटा पडतो. सगळा कारभार एकमेकांच्या शब्दावर चालतो, आणि शब्द पाळला जातो कारण वही सगळ्यांनी बघितलेली असते.

वाटपातला अन्याय

म्हणून सगळं न्यायाचं झालं असं मात्र नाही. खिडक्यांचे नंबर पुरले, पत्ते पुरले नाहीत. आयपी अ‍ॅड्रेसच्या जुन्या पद्धतीत सुमारे ४२९ कोटी पत्ते होते. सुरुवातीला ते कमी पडतील असं कुणाच्या मनातही नव्हतं, म्हणून मागेल त्याला मोठमोठे तुकडे दिले गेले. अमेरिकेतल्या एमआयटी या एका शिक्षणसंस्थेला १ कोटी ६७ लाख पत्ते मिळाले. २०११ च्या जनगणनेनुसार चंद्रपूर आणि गडचिरोली मिळून लोकसंख्या सुमारे ३३ लाख. म्हणजे आमच्या दोन जिल्ह्यांतल्या माणसांच्या पाचपट पत्ते एका संस्थेकडे. २०१७ साली त्या संस्थेने त्यातले किमान ८० लाख विकायचं ठरवलं. जे फुकट मिळालं होतं, ते बाजारात आलं.

३ फेब्रुवारी २०११ रोजी मध्यवर्ती साठा संपला. आशियासाठी पत्ते देणारी ‘एपनिक’ ही संस्था १५ एप्रिल २०११ रोजी आपल्या शेवटच्या राखीव तुकड्यावर आली. जे उशिरा आले त्यांनी वाटून घ्यायचं ठरलं. म्हणूनच बल्लारपूर असो की ब्रह्मपुरी, घरोघरच्या वायफायवर १९२.१६८ ने सुरू होणारे तेच ते पत्ते दिसतात. हे पत्ते घरात वापरायचे. बाहेर अख्ख्या घराला, कधी अख्ख्या वस्तीला मिळून एकच पत्ता. नव्या पद्धतीत, आयपीव्ही ६ मध्ये, पत्त्यांना तोटा नाही. पण जुन्यावरून नव्यावर जाणं अजून पूर्ण झालेलं नाही.

वही कुणाची?

वही जसजशी मोठी झाली, तसा तिच्या मालकीचा प्रश्न पुढे आला. पोस्टेलचं काम अमेरिकी सरकारच्या पैशावर चालत होतं. २८ जानेवारी १९९८ रोजी त्याने इंटरनेटच्या नावांची मूळ यादी सांभाळणाऱ्या बारा चालकांपैकी आठ जणांना कळवलं की आता यादी माझ्या संगणकावरून घ्या. त्यांनी ऐकलं. हुकूम नव्हता, होता तो या माणसाचा शब्द. वॉशिंग्टन हादरलं आणि पोस्टेलला सगळं पूर्ववत करावं लागलं. ती चाचणी होती, असं त्याने सांगितलं. त्याच वर्षी ‘आयकॅन’ ही संस्था स्थापन झाली आणि १६ ऑक्टोबरला वयाच्या ५५ व्या वर्षी पोस्टेल वारला. वही आयकॅनकडे आली, तरी अमेरिकी सरकारचा करार आणखी अठरा वर्षं चालला. १ ऑक्टोबर २०१६ रोजी तो संपला आणि देखरेख जगभरच्या वापरकर्त्यांच्या, तंत्रज्ञांच्या आणि संस्थांच्या समूहाकडे गेली.

हे वाचताना मला धानोरा तालुक्यातलं मेंढा (लेखा) आठवतं. वनहक्क कायद्याखाली २००९ साली या गोंड गावाला सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. असे दावे करताना गावांच्या कामी आले ते जुने कागद. मालगुजारी गेल्यानंतर तयार झालेली निस्तारपत्रकं, म्हणजे कुठलं गाव कुठल्या जंगलातून काय आणतं याची लिखित नोंद. नोंद होती म्हणून हक्क सांगता आला.

पण हक्काचा कागद हातात आला, तरी बांबू विकता येईना. जंगलाबाहेर माल न्यायला वाहतूक परवाना लागतो. त्या परवान्यांचं क्रमांक घातलेलं पुस्तक वनखात्याच्या कपाटात होतं आणि बांबू हे झाड की गवत, यावर खातं अडून बसलं होतं. अखेर २७ एप्रिल २०११ रोजी तत्कालीन केंद्रीय मंत्री जयराम रमेश आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण मेंढ्यात आले आणि परवान्यांचं ते पुस्तकच ग्रामसभेच्या हाती दिलं. एपनिकचे पत्ते संपल्याला तेव्हा बाराच दिवस झाले होते. पुढच्या वर्षी केंद्राने नियमात बदल करून हा अधिकार ग्रामसभेच्या समितीला दिला. २०१७ साली कायद्यातल्या ‘झाड’ या व्याख्येतून बांबू वगळला गेला.

दोन वर्षं मेंढ्याकडे हक्क होता, पण पुस्तक नव्हतं. पुस्तक आलं आणि बांबू रस्त्याला लागला. म्हणून आपल्या गावाचा, जमिनीचा, जमातीचा एखादा नंबर कुणी दिला, तर तो घेऊन घरी परतण्याआधी दोन गोष्टी विचाराव्यात. हा कुठल्या वहीत लिहिलाय? आणि ती वही मला बघायला मिळेल का? पन्नास वर्षांपूर्वी लॉस एंजेलिसच्या एका विद्यार्थ्याने दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर ‘हो’ असं देऊन ठेवलं. आपल्या तालुक्याच्या कचेरीत ते उत्तर अजून मागूनच घ्यावं लागतं.