बेलफास्टमधली कात्री

अमेरिकेच्या मेन राज्यातलं बेलफास्ट हे किनाऱ्यावरचं छोटं गाव. एकोणिसाव्या शतकात इथं लाकडी जहाजं बांधली जात. पुढे कोंबड्यांच्या कारखान्यांवर गावाची चूल पेटली. 1980 च्या दशकात तेही बंद पडले.

त्यानंतरचं बेलफास्ट माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन यांनी टिपलं.

वाइजमन मूळचे बोस्टनचे, शिक्षणाने वकील. मनोरुग्ण कैद्यांवरच्या ‘टिटिकट फॉलीज’ (1967) या त्यांच्या पहिल्या माहितीपटाच्या जाहीर प्रदर्शनावर मॅसॅच्युसेट्समध्ये 1991 पर्यंत बंदी होती. निवेदन नाही, मुलाखती नाहीत, पार्श्वसंगीत नाही, ही त्यांची शिस्त. ध्वनिमुद्रण ते स्वतः करत, कॅमेरा पुढे बराच काळ जॉन डेव्ही सांभाळत. खरा माहितीपट घडायचा तो महिनोन् महिने चालणाऱ्या संकलनात.

‘बेलफास्ट, मेन’ (1999) चार तासांहून मोठा आहे. त्यात लॉब्स्टर पकडणारे कोळी आहेत, न्यायालय आहे, ‘मॉबी-डिक’ कादंबरीवरचा शाळेतला तास आहे. मन खिळतं ते मात्र सार्डिनच्या कारखान्यात. पट्ट्यावरून मासे येतात, हातातली कात्री चालते, डबे भरतात, पुन्हा मासे येतात. कोणी काही समजावून सांगत नाही. बघता बघता त्या हातांचा वेग आणि थकवा आपल्या अंगात उतरतो. श्रमाला इतका वेळ देणारा कॅमेरा विरळाच.

या दृश्यांचं मोल आता आणखी वाढलं आहे. 2010 मध्ये मेनमधल्याच प्रॉस्पेक्ट हार्बरचा कारखाना बंद झाला. अमेरिकेतला सार्डिन डबाबंद करणारा तो शेवटचा कारखाना होता.