ठाण्यात नोंदलेला ताप

माझा विषय साथीच्या रोगांची जुनी आकडेवारी. संख्याशास्त्रात एम.एस्सी. केलेल्या मला वाटायचं, जुने मृत्यू डॉक्टरांनी मोजले असतील. पण खेड्यांत ते काम होतं पोलिसांचं! म्हणून आज नागपूरकडच्या गावपोलिसाची, म्हणजे कोतवालाची गोष्ट.

१८५४ मध्ये भोसल्यांचं राज्य खालसा झालं. १८६१ मध्ये नागपूर राजधानी असलेला मध्य प्रांत तयार झाला आणि त्याच वर्षी नवा पोलीस कायदाही आला. पण एका ठाण्याखाली कितीतरी गावं. गणवेशातला शिपाई सगळीकडे पोचणार कसा? तिथे जुनी गावव्यवस्थाच कामी आली. गावात मुकद्दम आणि त्याच्या हाताखाली कोतवाल. रात्रीची गस्त घालायची, परक्या माणसावर नजर ठेवायची, चोरी झाली की ठाण्यात वर्दी द्यायची. शिवाय गावात कोण जन्मलं, कोण गेलं आणि कशानं गेलं, तेही सांगायचं.

आता खरी गोम बघा. नागपूर भागात कोतवाल बहुतेक महार समाजातला असे. ज्या घराच्या उंबऱ्याआत त्याला येऊ देत नसत, त्या घरातला माणूस कोणत्या रोगानं गेला हे त्यानं सांगायचं! देवी, पटकी ओळखू येई. बाकी बरंचसं ‘ताप’ या एकाच रकान्यात जाई.

१९१८ च्या इन्फ्लूएंझात हेच झालं. सर्वाधिक फटका बसलेल्या प्रांतांत आपला मध्य प्रांत आणि वऱ्हाड होता. मृत्यू ‘ताप’ म्हणून नोंदले गेले, आणि नोंद करणारेच आजारी पडल्यावर नोंदणीही कोलमडली. त्यामुळे संशोधक त्या वर्षीच्या तापाच्या मृत्यूंतून आधीच्या वर्षांची सरासरी वजा करून साथीचा अंदाज बांधतात. मीही तेच करते.

पुढे मालगुजारी गेली. १९५६ मध्ये विदर्भ मुंबई राज्यात आला. महाराष्ट्राच्या १९६७ च्या ग्रामपोलीस कायद्यानं गावपोलिसाचं काम पोलीस पाटलाकडे दिलं. कोतवाल महसुली कामात राहिला, तलाठ्याचा मदतनीस म्हणून. जन्म-मृत्यू नोंदणीसाठी १९६९ मध्ये देशभराचा स्वतंत्र कायदा झाला.

‘आकडे कच्चे आहेत’ असं मी सहज म्हणायचे. आता आधी विचारते, मोजणाऱ्याला आत येऊ दिलं होतं का?